शिराइतोचं देणं

केंजी मिझोगुचीच्या ‘ताकी नो शिराइतो’ या १९३३ सालच्या मूकपटात इवाबुची नावाचा एक सावकार आहे. सिनेमातला सावकार जितका वाईट असायला हवा, तितका तो आहेच. अडल्यानडल्या बाईला पैसे देतो, देताना नजर भलतीकडेच असते, आणि ती पैसे घेऊन अंधारातून निघाली की माणसं लावून तिला वाटेतच लुटतो. दिलेली रक्कम परत आपल्याच घरात. तरीही सिनेमा संपल्यावर मला इवाबुचीचा राग येत नाही. त्याचा हिशेब सिनेमानेच चुकता केलेला असतो. राग येतो तो त्या बाईच्या पैशावर शिकलेल्या किन्याचा. मुराकोशी किन्या सज्जन आहे, अभ्यासू आहे, कृतज्ञ आहे. त्याने कुणाला फसवलेलं नाही. आपलं कर्तव्य तो शेवटच्या शब्दापर्यंत पार पाडतो. माझा राग नेमका त्या पार पाडण्यावर आहे, आणि हा सिनेमा पुन्हा पाहिला तरी तो ओसरत नाही.

कथा इझुमी क्योकाची. १८९४ साली ती ‘योमिउरी’ या वर्तमानपत्रात ‘गिकेत्सु क्योकेत्सु’ या नावाने क्रमशः आली. क्योका तेव्हा विशीत नुकताच आलेला. मूळचा कानाझावाचा. त्याच वर्षाच्या सुरुवातीला वडील गेले होते, घरात पैसा नव्हता, आणि ओझाकी कोयो या प्रतिष्ठित लेखकाने हाताशी धरलं म्हणून त्याचं लेखन छापून येत होतं. या कथेवरही कोयोने भरपूर हात फिरवला. म्हणजे कुणाच्या तरी आधारावर शिकणाऱ्या तरुणाची ही गोष्ट लिहिणारा स्वतःच दुसऱ्याच्या आधारावर उभा होता. पुढच्याच वर्षी तिचं नाटक झालं, आणि तेव्हापासून लोक तिला नायिकेच्या रंगमंचावरच्या नावानेच ओळखतात.

ताकी नो शिराइतो हे ते नाव. खरं नाव मिझुशिमा तोमो. ती पाण्याचे खेळ करते. पंख्याच्या कडेवरून, तलवारीच्या टोकातून, फुलांच्या मधून पाण्याच्या बारीक धारा उडवायच्या, एक थांबवून दुसरी सुरू करायची, हे सगळं हसतमुखाने आणि ताल न चुकवता. लपवलेल्या नळ्यांची करामत असते ती. प्रेक्षकांना दिसते फक्त बाई आणि तिच्या आज्ञेत वागणारं पाणी. जपानमध्ये तेव्हा अशा फिरत्या मंडळ्या होत्या, आणि शिराइतो त्यातली मोठी नाववाली. पैसा बरा मिळतो, आला तसा जातो. हाताखालच्या लोकांवर उधळायचा, कुणाची नड दिसली की द्यायचा. सिनेमात मंडळीतल्या एका प्रेमी जोडप्याला पळून जायला ती असाच पैसा देऊन टाकते. तिच्या देण्याला आधीपासूनच धरबंद नाही, हे दिग्दर्शकाने आपल्याला वेळेवर सांगून ठेवलंय.

किन्या तिला भेटतो तो घोडागाडीवर. कथेची सुरुवातच ताकाओका ते इसुरुगी या रस्त्यावर होते. चार री आणि आठ चो, म्हणजे साधारण साडेसोळा किलोमीटर. नव्याने सुरू झालेल्या घोडागाड्यांचं भाडं कमी, त्यामुळे रिक्षा ओढणाऱ्यांच्या पोटावर पाय आलेला, आणि दोघांत रोजची चढाओढ. एक रिक्षा पुढे निघून जाते, गाडीतले उतारू टोमणे मारू लागतात. तेव्हा हा तरुण गाडीवान शांतपणे घोडा सोडवतो, त्या देखण्या बाईला उचलून घोड्यावर घेतो आणि बाकीच्यांना रस्त्यातच सोडून भरधाव निघतो. बाईला पोचवलं खरं, पण नोकरी गेली.

पुढे कानाझावात एका रात्री पुलावर तो तिला झोपलेला सापडतो. बोलण्यातून कळतं की हा सामुराई घराण्यातला मुलगा आहे, वडील गेल्यावर घर बसलं, आणि त्याला कायदा शिकायचाय. या ‘कायदा शिकायचाय’मागे मोठा इतिहास आहे. १८७६ साली सरकारने सामुराईंचे वंशपरंपरागत तनखे रोखे देऊन बंद केले. कानाझावा तर माएदा घराण्याची, दहा लाख कोकू (तांदळाचं माप) उत्पन्नाच्या जहागिरीची राजधानी. तिथे अशी बसलेली घरं गल्लोगल्ली असणार. त्यांच्या मुलांना परत वर येण्याचे जे दोन-चार रस्ते होते, त्यात नवा कायदा हा एक. फ्रेंच पंडित ब्वासोनादच्या मदतीने रचलेली दंडसंहिता १८८२ पासून लागू झाली होती, न्यायालयं नव्याने उभी राहत होती, तोक्योत कायद्याच्या शाळा निघाल्या होत्या. तलवारीच्या जागी कलमं आली होती आणि किन्याला ती हवी होती.

तोमो म्हणते, जा तोक्योला, पैसे मी पाठवीन. तुझ्या आईचंही मी बघेन.

तो गोंधळतो. एवढं सगळं कशासाठी, आणि बदल्यात काय हवंय? क्योकाने इथे तिच्या तोंडी जे घातलंय ते मला फार आवडतं. ती म्हणते, तू मला लळा लाव, एवढंच. बायको करून घे असं म्हणत नाही. फक्त परक्यासारखं नको, जन्मभर नातलगांसारखं राहू या.

यात करार आहे की नाही? कायद्याच्या विद्यार्थ्याला विचारलं तर तो नाही म्हणेल. रक्कम ठरलेली नाही, मुदत नाही, व्याज नाही, साक्षीदार म्हणून नदीवरचा चंद्र. पण दोघांनाही माहीत आहे की काहीतरी ठरलंय. आणि तोमो अगदी निरपेक्ष आहे असंही मला वाटत नाही. ‘मला काहीच नको’ असं ती म्हणतच नाही. तिला नातं हवंय. पाण्याचे खेळ करत गावोगाव फिरणाऱ्या बाईला जे कुठल्याच पैशाने मिळत नाही, ते तिला एका होतकरू मुलाच्या भविष्यात आपली जागा करून मिळवायचंय. ही मोठीच मागणी आहे. फक्त ती कागदावर मांडता येत नाही.

आमच्या घरातही अशी एक होती. माझी थोरली आत्या टेलिफोन खात्यात ऑपरेटर होती, रात्रपाळ्या करायची, आणि धाकट्या भावाचं इंजिनिअरिंग तिच्या पगारावर झालं. काकांच्या एकसष्टीला हॉल भरला होता. काका छान बोलतात. आई-वडील, गुरुजन, सहकारी असं करत शेवटी आत्याकडे वळले आणि म्हणाले, ‘ताईचे ऋण फेडणं शक्य नाही, त्यापेक्षा मी तिच्या ऋणातच राहणं पसंत करतो.’ टाळ्या. हे वाक्य आपण सगळ्यांनी शंभर समारंभांत ऐकलेलं आहे. फार सोयीचं वाक्य आहे ते. फेडणार नाही हे जाहीर करायचं, आणि त्याबद्दल टाळ्याही मिळवायच्या. आत्याला शाल-श्रीफळ दिलं. घरी येताना ती रिक्षात एवढंच म्हणाली, ‘मसालेभात जरा गिचका झाला होता.’

असो. तोमो पैसे पाठवत राहते आणि वर्षं जातात. या भागात सिनेमा भराभर पुढे सरकतो, कारण घडतं ते इतकंच की उन्हाळा संपतो. पाण्याचा खेळ हा उन्हाळ्याचा धंदा. उकाड्यात लोक गर्दी करतात, पण होकुरिकूच्या, म्हणजे कानाझावाकडच्या प्रांताच्या, हिवाळ्यात, बर्फ पडत असताना, पाण्याचे फवारे बघायला कोण येणार? दर हिवाळ्यात मंडळी ओढग्रस्तीला लागते आणि तोक्योचे पैसे तर दरमहा जायलाच हवेत. शिक्षण संपायला थोडेच दिवस उरलेले असताना तिच्या हातात काहीच उरत नाही. मग इवाबुची.

इथे मूळ कथा आणि सिनेमा वेगळे होतात, आणि मला कथेचं वळण जास्त धाडसी वाटतं. कथेत तिला लुटतात ते सुरीफेकीचा खेळ करणाऱ्या प्रतिस्पर्धी मंडळीतले लोक. झटापटीत त्यांची एक सुरी मागे राहते. ती हातात घेऊन, डोकं फिरल्यासारखी, ती एका सुखवस्तू घरात शिरते आणि तिथल्या नवरा-बायकोचा खून करून पैसे घेते. त्या दोघांनी तिचं काहीच वाकडं केलेलं नव्हतं. पैसे तोक्योला पाठवायचे होते, बस. सिनेमाने हे सौम्य केलंय. इथे ती परत सावकाराकडेच जाते, त्यानेच आपल्याला लुटवलं हे तिला कळतं, तो अंगावर येतो आणि झटापटीत तिच्या हातून त्याचा जीव जातो. प्रेक्षकाची सहानुभूती शाबूत राहते. समजण्यासारखं आहे. शिराइतो झालेल्या इरिए ताकाकोसारख्या नटीच्या हातून निरपराध जोडप्याचा खून दाखवणं १९३३ साली कुठल्या कंपनीला परवडलं असतं? पण क्योकाच्या कथेत देण्याची ओढ किती भयंकर होऊ शकते ते दिसतं. शब्द दिलाय, तो पाळायचाय, आणि त्यापुढे दुसऱ्यांचा जीवही दिसेनासा होतो. नैतिकतेचं आंधळेपण ते हेच.

खटल्यातली उलटापालट मला कादंबऱ्यांमधल्या कुठल्याही कोर्टसीनपेक्षा सरस वाटते. सुरी सुरीफेक्याची, म्हणून खुनाचा आळ त्याच्यावर येतो. तो स्वतःला वाचवण्यासाठी ओरडून सांगतो, मी त्या रात्री शिराइतोला लुटलं, सुरी तिथेच पडली. आणि शिराइतो साक्षीला उभी राहून म्हणते, मला कुणी लुटलंच नाही. चोर भर कोर्टात चोरी कबूल करतोय आणि जिची चोरी झाली ती नाकारतेय. खरं चोर बोलतोय.

मग सरकारी वकील बदलतो. नवा आलेला तरुण सरकारी वकील म्हणजे किन्या.

इथे एक बारकावा सांगायला हवा. महायुद्धापूर्वीच्या जपानी न्यायालयात सरकारी वकील खाली, आरोपीच्या वकिलाच्या समोर बसत नसे. तो न्यायाधीशांच्या रांगेत, त्याच उंच चौथऱ्यावर बसे. १९४७ नंतर ते बदललं. म्हणूनच कुठे कुठे या सिनेमाचं कथासार देताना किन्याला न्यायाधीशच करून टाकलेलं दिसतं. चूक आहे, पण पडद्यावर नजरेला जे दिसतं त्याच्याशी इमान राखणारी चूक आहे. ती खाली, तो वर. जी उंची तिने विकत घेऊन दिली, तिच्यावर बसून तो तिला प्रश्न विचारतो.

आणि कसे विचारतो! धमकावत नाही. कथेत तो म्हणतो त्याचा आशय असा: तुझ्यासारख्या नामवंत कलावतीने खोटं बोलणं तुझ्या चाहत्यांना पटणार नाही, मीही तुझा चाहता आहे, मला खरं ऐकायचंय. त्या क्षणी ती कबूल करते. तिच्यावर जोर चालेल अशी एकच गोष्ट जगात होती, आणि ती नेमकी त्याच्या हातात होती. जन्मभर नातलगांसारखं राहू, हे तिचं मागणं त्याने तिथे पुरावा मिळवण्यासाठी वापरलं. त्याला तसं वाटलं नसेल. आपण सत्याची बाजू घेतोय, उपकारापुढे कायदा वाकवत नाही, असंच वाटलं असेल. सिनेमात तर खटल्याआधी त्यांची भेट होते आणि तिलाच त्याचा अभिमान वाटतो. तुझ्या हातून न्याय होतोय यातच मला सुख आहे, असा तिचा सूर. ज्याला शिकवलं तो चांगला शिकला, हे तिला स्वतःच्या मानेवरून कळतं.

कथेत तिला देहदंड होतो. सिनेमात ती शिक्षेची वाट बघत नाही, कोर्टातच जीभ चावून जीव देते. आणि किन्या? क्योकाच्या शेवटच्या वाक्यात, निकालाच्या त्याच संध्याकाळी, तो आपल्या बिऱ्हाडाच्या वरच्या मजल्यावर आत्महत्या करतो. मिझोगुची त्याला भेटीच्या पुलापाशी नेऊन मारतो.

बहुतेक लोक याला परतफेड म्हणतात. कायद्याचं देणं दिवसा दिलं, प्रेमाचं रात्री. दोन्ही खाती बंद. प्रेक्षक डोळे पुसतो. मला हे अजिबात पटत नाही. तोमोला त्याच्याकडून काय हवं होतं? त्याने शिकावं, मोठं व्हावं, त्या मोठेपणात तिची कुठेतरी आठवण असावी. तिचे सगळे उन्हाळे त्या एका माणसात गुंतलेले होते. तिने खून केला तो त्या गुंतवणुकीसाठी, कबुली दिली तीही त्यासाठीच. ती गेल्यावर जगात तिचं म्हणून जे काही उरलं होतं, ते म्हणजे सरकारी वकील मुराकोशी किन्या. तेवढंच त्याने संपवलं. एका अर्थी तिचा शेवटचा ठेवा त्याने बुडवला, आणि स्वतःची अस्वस्थता मिटवली. कठीण होतं ते जगणं. रोज सकाळी उठून त्या चौथऱ्यावर बसणं, आणि प्रत्येक वेळी समोर उभ्या असलेल्या बाईत तिला पाहणं. ते त्याला झेपलं नाही. मृत्यूने कर्ज फिटत असतं तर सावकारांनी कधीच धंदा बंद केला असता.

मराठी माणसाला इथे ‘सावकारी पाश’ आठवणारच. बाबूराव पेंटरांचा कोल्हापूरचा मूकपट, १९२५ सालचा, नारायण हरी आपट्यांच्या कथेवरचा. शांताराम त्यात जमीन गमावून शहरात मजूर झालेला शेतकरी. त्याची प्रत आज उपलब्ध नाही, म्हणून त्याबद्दल जास्त बोलणं बरं नाही. पण तिथे कर्ज म्हणजे कागद, अंगठा, जप्ती. कुणी कुणाचं काय घेतलं ते दाखवता येतं, आणि म्हणून त्यावर चिडताही येतं, बदलही मागता येतो. मिझोगुचीच्या सिनेमात कागदावरचं कर्ज इवाबुचीबरोबर मध्यावरच मरतं. पुढे उरतं ते कुठल्याच कलमात न बसणारं, आणि गोष्टीतल्या सगळ्यांचे जीव ते घेतं.

हा सिनेमा मूक असला तरी शांतपणे बघायचा नसतो. जपानमध्ये मूकपटांना बेन्शी असत, पडद्याशेजारी उभे राहून सगळ्या पात्रांचे आवाज काढणारे, मध्येच स्वतःची टिप्पणी करणारे निवेदक. लोक नट बघून जात तसे बेन्शी बघूनही जात. आज बेन्शीच्या ध्वनिमुद्रित निवेदनासह हा सिनेमा मिळतो, तोच बघावा. ‘ताकी नो शिराइतो’ जून १९३३ मध्ये आला तेव्हा बोलपटांनी या लोकांचा धंदा बुडवत आणला होता. अकिरा कुरोसावाचा थोरला भाऊ हेइगो हाही बेन्शी होता. त्याने त्याच वर्षी जुलैत आत्महत्या केली.

मिझोगुचीवर परत येते, कारण किन्यावरचा माझा राग थोडा त्याच्यावरही आहे. तो १८९८ साली तोक्योत जन्मला. रशिया-जपान युद्धाच्या काळात वडिलांनी सैन्याला रेनकोट विकण्याचा धंदा काढला आणि तो पार बुडाला. घरात खायला नव्हतं. थोरल्या बहिणीला, सुझूला, दुसऱ्याच्या घरी दत्तक दिलं गेलं आणि तिथून ती गेइशाच्या व्यवसायात गेली. पुढे एका सरदार घराण्यातल्या माणसाचा आश्रय तिला मिळाला, आणि तिच्याच पैशावर व आधारावर धाकटा केंजी शिकला, चित्रकला शिकला, उभा राहिला. पुलावरची ती रात्र त्याला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. बहिणीच्या आयुष्याच्या किमतीत आपण घडलो, हे माहीत असलेला माणूस कॅमेऱ्यामागे उभा होता. त्याचे पुढचे कितीतरी सिनेमे विकल्या गेलेल्या, झिजून गेलेल्या, पुरुषांच्या वाटा मोकळ्या करून देणाऱ्या बायकांवर आहेत. समीक्षक याला स्त्रियांबद्दलची करुणा म्हणतात. असेल. पण काकांच्या त्या भाषणासारखं त्यातही काहीतरी मला टोचतं.

टोचण्याला कारण आहे. ‘ताकी नो शिराइतो’ हा इरिए ताकाकोच्या स्वतःच्या कंपनीचा सिनेमा. सरदार घराण्यातली मुलगी, १९११ चा जन्म, १९३२ साली आपली निर्मितीसंस्था काढणारी जपानी पडद्यावरची अगदी पहिल्या काही नट्यांपैकी एक. बावीस वर्षांची ती, कंपनीचं नाव तिचं, आणि मिझोगुची तिने कामाला बोलावलेला दिग्दर्शक. सिनेमा गाजला. ‘किनेमा जुन्पो’ या सिनेमाविषयक नियतकालिकाच्या त्या वर्षीच्या यादीत तो दुसऱ्या क्रमांकावर होता. मिझोगुचीचं नाव मोठं व्हायला या यशाने हातभार लावला, यात शंका नाही.

मग युद्ध झालं. इरिएचे दिवस फिरले, आणि १९५०च्या दशकात ती मांजराचं भूत होणाऱ्या बाईच्या भयपटांत काम करू लागली. पोट आहे. १९५५ साली मिझोगुचीने ‘यांग क्वेइ फेइ’साठी तिला घेतलं, तेव्हा तो व्हेनिसमध्ये पारितोषिकं मिळवलेला जगन्मान्य दिग्दर्शक होता. सेटवर सगळ्यांसमोर त्याने तिला तेच ते दृश्य पुन्हा पुन्हा करायला लावलं आणि तुझा अभिनय मांजराच्या सिनेमातलाच आहे, असं म्हणून तिचा पाणउतारा केला. ती सिनेमा सोडून निघाली आणि तिच्या जागी सुगिमुरा हारुकोला घेतलं. पुढच्या वर्षी मिझोगुची ल्युकेमियाने गेला.

इरिए १९९५ पर्यंत जगली. मध्यंतरी तिने गिन्झात बार चालवला. १९६२ साली कुरोसावाच्या ‘सान्जुरो’त ती आहे. भूमिका छोटी, एका दरबारी अधिकाऱ्याच्या बायकोची. आजूबाजूला तलवारी काढून धावणारी पोरं असतात आणि ही जराही घाई न करता, अतिशय गोड आवाजात, तोशिरो मिफुनेसारख्या दांडगटाला माणसं मारत सुटल्याबद्दल झापते. तो गप्प बसून ऐकून घेतो. पडद्यावरचा तिचा तो थोडाच वेळ बघताना मला दर वेळी फार मजा येते.